एक मे : एका दिवसाचीं तीन नांवें

मे महिन्याच्या पहिल्या तारखेस आमच्या कुही गांवीं सकाळीं तहसील कचेरीसमोर झेंडावंदन होतें, राष्ट्रगीत म्हटलें जातें, आणि त्यानंतर कचेरीचें कुलूप दिवसभर उघडत नाहीं. शाळांतून त्याच दिवशीं वार्षिक परीक्षेचा निकाल सांगण्याची चाल पुष्कळ ठिकाणीं असल्यामुळें मुलांच्या मनांत एक मे म्हणजे धडधडत्या छातीनें निकालपत्रक हातीं घेण्याचा दिवस, एवढीच त्या तारखेची ओळख राहिली आहे. पास झालेला मुलगा घरीं पेढे मागतो, नापास झालेला मागच्या गल्लीनें घर गांठतो; आणि ही सुटी मुळांत कशासाठीं आहे, हा विचार दोघांच्याहि मनाला शिवत नाहीं.

एकदां वर्गांत आम्हीं हाच प्रश्न घातला असतां तीन मुलांनीं तीन उत्तरें दिलीं. पहिला म्हणाला, त्या दिवशीं महाराष्ट्र राज्य झालें. दुसऱ्याचे वडील कारखान्यांत कामास जातात; तो म्हणाला, तो कामगारांचा दिवस आहे. तिसरा मुलगा नागपुरास मामाकडे राहून आलेला होता. तो थोडा घुटमळला आणि मग म्हणाला, "गुरुजी, तिकडे कांहीं लोक काळे झेंडे घेऊन उभे होते. ते म्हणत होते कीं हा काळा दिवस आहे." प्रत्येकास वाटत होतें कीं आपण बरोबर आणि उरलेले दोघे चुकले. वस्तुतः तिघेहि बरोबर होते. एकाच तारखेस तीन नांवें कशीं पडलीं, आणि त्यांतील सर्वांत जुनें जें कामगारांचें नांव तें आपल्या मुलखांत कसें आलें, हें विद्यार्थ्यांस व त्यांच्या पालकांस थोडक्यांत सांगावें, या हेतूनें आम्ही हा लेख लिहीत आहों. कोणत्याहि पक्षाचें वकीलपत्र आम्हीं घेतलेलें नाहीं, हें आरंभींच सांगून ठेवतों.

प्रथम सुटी म्हणजे काय, याचा विचार करूं. शेतीच्या धंद्यांत विश्रांतीचा दिवस पंचांग ठरवीत असे. श्रावणी अमावास्येस पोळा आला कीं बैलांच्या खांद्यावर जूं ठेवावयाचें नाहीं, हा नियम कोणत्याहि सरकारनें केलेला नाहीं. तरी तो मोडण्याची छाती गांवांतील बड्या पाटलालाहि होत नसे. आदल्या संध्याकाळीं खांदशेकणी करावयाची, वर्षभर जुंवाखालीं घासलेल्या त्या खांद्यांस तूप-हळद लावावयाची, आणि दुसऱ्या दिवशीं बैलास सजवून मिरवावयाचें. जो राबतो त्यास एक दिवस तरी मान व विसावा मिळाला पाहिजे, ही समजूत आपल्या लोकांत किती जुनी आहे, हें यावरून दिसून येईल. मात्र बैलामागें चालणाऱ्या सालदारास असा दिवस क्वचितच मिळे. त्याचें काम सूर्यावर आणि पावसावर चाले. घड्याळ त्याच्या आयुष्यांत आलेलें नव्हतें.

घड्याळ आलें तें गिरणीबरोबर. आमच्या जिल्ह्यापुरतें बोलावयाचें तर सन १८७७ च्या जानेवारीच्या पहिल्या तारखेस जमशेटजी टाटा यांची एम्प्रेस मिल नागपुरास सुरू झाली. त्याच दिवशीं व्हिक्टोरिया राणीस हिंदुस्थानची सम्राज्ञी म्हणून दिल्लींत जाहीर करण्यांत आलें, म्हणून गिरणीस तें नांव. वऱ्हाड-नागपूरचा कापूस जवळ, कोळसा फार दूर नाहीं, आगगाडी दारांत, हें सर्व पाहून टाटांनीं मुंबई सोडून नागपूर पसंत केलें. आजूबाजूच्या खेड्यांतून माणसें शहरांत गेलीं, आणि भोंग्यावर उठणें, भोंग्यावर जेवणें व भोंग्यावर घरीं परतणें, हें नवें जीवन सुरू झालें. शेतावर माणूस काम विकतो; गिरणींत तो तास विकूं लागला. आणि जी वस्तु विकली जाते तिचें माप ठरवावेंच लागतें. किती तास, किती दिवस, मध्यें किती विसावा, हे प्रश्न येथूनच जन्मले.

त्या काळीं मुंबईच्या गिरण्यांत पहाट झाली कीं यंत्र सुरू होई आणि अंधार पडला कीं थांबे. उन्हाळ्यांत दिवस मोठा, म्हणून कामहि मोठें. आठवड्याची ठरलेली सुटी नव्हती. सन १८८१ चा पहिला कारखान्यांचा कायदा झाला, त्यानें सात वर्षांखालील मुलांस कामावर घेण्यास मनाई केली आणि सात ते बारा वर्षांच्या मुलांस दिवसाला नऊ तासांची मर्यादा घातली. आमच्या प्राथमिक वर्गांतील मुलांनीं हें वाक्य पुन्हां एकदां वाचावें. सात वर्षांच्या मुलानें रोज नऊ तास गिरणींत काम करणें, ही त्या वेळची सुधारणा होती! वयांत आलेल्या स्त्रीपुरुषांसाठीं त्या कायद्यांत तासांची मर्यादाच नव्हती.

अशा वेळीं नारायण मेघाजी लोखंडे हे गृहस्थ पुढें आले. ते १८४८ सालीं जन्मले, जोतीराव फुले यांच्या सत्यशोधक समाजाचे कार्यकर्ते झाले, कांहीं काळ गिरणींत भांडारावर नोकरीस होते, आणि १८८० पासून 'दीनबंधु' पत्र चालवूं लागले. गिरणींतील माणसांचे हाल त्यांनीं स्वतःच्या डोळ्यांनीं पाहिलेले होते. १८८४ सालीं त्यांनीं परळ येथें कामकऱ्यांच्या सभा भरविल्या आणि सुमारें साडेपांच हजार सह्यांचा अर्ज सरकारपुढें ठेवला. मागण्या अगदीं साध्या होत्या. दर रविवारीं सुटी असावी. दुपारीं अर्धा तास जेवणास मिळावा. सकाळीं साडेसहापासून सूर्यास्तापर्यंतच काम चालावें. मागच्या महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या पंधरा तारखेपर्यंत हातीं पडावा. आणि कामावर हातपाय तुटला तर बरा होईपर्यंत कांहीं पोटगी मिळावी. यांतील एक तरी मागणी अवास्तव होती असें आज कोणी म्हणेल काय?

रविवारच कां, असें विद्यार्थी विचारतील. सरकारी कचेऱ्या त्या दिवशीं बंद असत, कारण तो ख्रिस्ती लोकांचा उपासनेचा दिवस होय. परंतु गिरणींतील बहुतेक माणसें घाटावरचीं व कोंकणांतलीं. त्यांच्या घरीं रविवार हा खंडोबाचा वार. साहेबाचा देव आणि गिरणीवाल्याचा देव निराळे असले तरी दोघांचा वार एकच निघाला, आणि तो पुढें सर्वांचाच झाला.

लोखंडे यांनीं सहा वर्षें चिकाटी सोडली नाहीं. १८९० सालच्या एप्रिलच्या २४ तारखेस मुंबईंत महालक्ष्मी येथें सुमारें दहा हजार कामकरी जमले, आणि त्या सभेंत दोन कामकरी स्त्रियांनींहि उभे राहून भाषणें केलीं. ज्या काळीं प्रतिष्ठित घरांतील स्त्रीदेखील चार लोकांत बोलत नसे, त्या काळची ही गोष्ट आहे. जूनच्या १० तारखेस गिरणीमालकांच्या मंडळीनें रविवारची सुटी मान्य केली. पुढच्याच वर्षीं, म्हणजे १८९१ सालीं, नवा कायदा होऊन आठवड्याची सुटी व दुपारचा विसावा हीं दोन्ही कायद्यांत आलीं. लोखंडे १८९७ सालीं मुंबईच्या प्लेगांत लोकांची सेवा करीत असतां वारले. आज आपण रविवारीं उशिरां उठतों, तेव्हां तो रविवार कोणी मागून आणला होता याची आठवण किती घरांत निघते?

आतां दुसऱ्या खंडाकडे वळूं. लोखंडे मुंबईंत अर्ज करीत होते त्याच सुमारास अमेरिकेंत कामकऱ्यांनीं निराळी मागणी पुढें आणली होती. दिवसाचे तास चोवीस. त्यांपैकीं आठ काम, आठ विश्रांति आणि उरलेले आठ मनुष्याचे स्वतःचे. या मागणीसाठीं १८८६ सालच्या मे महिन्याच्या पहिल्या तारखेस त्या देशांत लाखों लोकांनीं काम बंद ठेवलें. शिकागो शहरांत ४ मे रोजीं हेमार्केट चौकांत सभा चालू असतां कोणी तरी बाँब टाकला. पोलिसांनीं गोळीबार केला. दोन्ही बाजूंचीं माणसें मेलीं. बाँब कोणीं टाकला हें सिद्ध झालें नाहीं, तरी आठ पुढाऱ्यांस दोषी ठरविण्यांत आलें. त्यांपैकीं चौघांस १८८७ च्या नोव्हेंबरांत फांशीं दिलें आणि एकानें तुरुंगांत आत्महत्या केली. जे तिघे उरले त्यांस १८९३ सालीं तेथील गव्हर्नरानें, खटला न्यायानें चालला नव्हता असें स्पष्ट लिहून, सोडून दिलें. १८८९ सालीं पॅरिस येथें निरनिराळ्या देशांतील कामगार-प्रतिनिधींची परिषद भरली. तिनें एक मे हा दिवस आठ तासांच्या मागणीसाठीं सर्व देशांत पाळावा असें ठरविलें, आणि १८९० सालीं तो प्रथम पाळला गेला.

येथें एक योगायोग ध्यानांत ठेवण्याजोगा आहे. युरोपांतील पहिला मे दिन आणि महालक्ष्मीची सभा यांत केवळ सात दिवसांचें अंतर आहे. इकडील माणसांस तिकडील खबर होती असें म्हणण्याचें कारण नाहीं. थकलेल्या माणसास विश्रांतीची इच्छा होण्यासाठीं परदेशाचा उपदेश लागत नाहीं, एवढेंच यावरून समजावें.

परंतु मागणी एक असली तरी ती मागणारे एक राहतातच असें नाहीं. एक मे या दिवसाचा पुढील इतिहास म्हणजे या दिवसावर हक्क कोणाचा, या भांडणाचा इतिहास होय. खुद्द अमेरिकेच्या सरकारनें १८९४ सालीं कामगारांस सुटी दिली ती मे महिन्यांत न देतां सप्टेंबरच्या पहिल्या सोमवारीं दिली. जर्मनीच्या बर्लिन शहरांत १९२९ सालीं रस्त्यावरील मिरवणुकींस बंदी असतां कम्युनिस्टांनीं ती मोडली. पोलिसांच्या गोळीबारांत तीसांहून अधिक माणसें मृत्युमुखीं पडलीं. आणि चमत्कार असा कीं बंदी घालणारा पोलिसांचा मुख्य अधिकारी स्वतः दुसऱ्या कामगार-पक्षाचाच होता. चार वर्षांनीं, १९३३ सालीं, हिटलरनें एक मे ही पगारी राष्ट्रीय सुटी करून टाकली, मोठा थाटाचा समारंभ केला, आणि दुसऱ्याच दिवशीं, दोन मे रोजीं, सर्व कामगारसंघांच्या कचेऱ्या ताब्यांत घेऊन त्यांचे पुढारी तुरुंगांत घातले. सुटी मिळाली आणि संघ गेला! पुढें महायुद्धानंतर त्या शहराचे दोन तुकडे झाले, तेव्हां पूर्वेस एक मिरवणूक आणि पश्चिमेस दुसरी सभा, दोन्ही त्याच दिवशीं, दोन्ही कामगारांच्या नांवानें आणि दोन्ही एकमेकांच्या विरुद्ध, असा देखावा वर्षानुवर्षें दिसत असे. १९५५ सालीं रोमच्या पोपनींहि एक मे हा दिवस सुतारकाम करणाऱ्या संत योसेफाच्या स्मरणार्थ लावून दिला, आणि अशा रीतीनें देवळाच्या घंटेसहि या दिवसांत स्थान मिळालें.

आपल्या देशांत पहिला मे दिन मद्रास येथें १९२३ सालीं सिंगारवेलु यांच्या पुढाकारानें पाळला गेला. मुंबईंत तो १९२७ पासून पाळला जाऊं लागला. तत्पूर्वीं १९२० सालीं अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेसची स्थापना मुंबईंत झाली होती आणि लाला लजपतराय तिचे पहिले अध्यक्ष होते. या संस्थेच्या इतिहासांत आमच्या नागपूरचें नांव दोनदां येतें, आणि तें विद्यार्थ्यांनीं विशेष ध्यानांत ठेवावें असें आहे. १९२९ सालच्या नोव्हेंबरांत तिचें दहावें अधिवेशन नागपुरास भरलें. अध्यक्ष होते पंडित जवाहरलाल नेहरू. सरकारनें मजुरांच्या स्थितीची चौकशी करण्यासाठीं नेमलेल्या कमिशनवर बहिष्कार घालावा कीं त्याच्यापुढें साक्ष द्यावी, परदेशांतील कोणत्या संस्थांशीं नातें जोडावें, अशा प्रश्नांवर मतभेद इतके तीव्र झाले कीं ना. म. जोशी, व्ही. व्ही. गिरी प्रभृति नेमस्त पुढारी अधिवेशन सोडून गेले व त्यांनीं निराळा संघ काढला. ज्या जोशींनीं संस्था उभी करण्यांत हातभार लावला त्यांनींच ती नागपुरांत सोडावी, याहून दुःखाची गोष्ट कोणती? परंतु त्याच नागपुरांत १९३८ सालीं दोन्ही दुफळ्यांनीं पुन्हां एकत्र बसून समेटाचा मार्ग काढला आणि १९४० सालीं ते पूर्णपणें एक झाले. म्हणजे मोडणें आणि जोडणें हीं दोन्ही कामें या एकाच शहरांत झालीं.

ही एकी फार दिवस टिकली नाहीं. १९४७ सालीं काँग्रेसच्या विचारांचा निराळा कामगारसंघ झाला. १९५५ सालीं दत्तोपंत ठेंगडी यांनीं भोपाळ येथें भारतीय मजदूर संघ स्थापिला. ठेंगडी मूळचे वर्धा जिल्ह्यांतील आर्वीचे, म्हणजे आपल्याच बाजूचे. त्यांच्या संघानें एक मे हा परदेशांतून आलेला दिवस म्हणून न स्वीकारतां, सर्व कारागिरांचा आदिपुरुष जो विश्वकर्मा, त्याच्या जयंतीचा दिवस, १७ सप्टेंबर, हा राष्ट्रीय श्रम दिवस मानला. त्यामुळें आज नागपुरांत कामगारांचा दिवस केव्हां, असें दोन कामगारांस विचारलें तर दोन तारखा ऐकूं येण्याचा संभव आहे. एक लाल बावट्याची तारीख, दुसरी भगव्या झेंड्याची.

आतां महाराष्ट्र दिनाकडे येऊं. मराठी भाषेचें एक राज्य व्हावें व त्यांत मुंबई असावी, यासाठीं जी चळवळ झाली तींत मुंबईचे गिरणीकामगार आघाडीवर होते. १९५५ व १९५६ या दोन सालीं शंभराहून अधिक माणसें गोळीबारांत बळी पडलीं. त्यांचें स्मारक मुंबईंत फ्लोरा फाउंटनपाशीं आहे, आणि त्या चौकास हुतात्मा चौक म्हणतात. अखेर १९६० सालच्या मे महिन्याच्या पहिल्या तारखेस महाराष्ट्र राज्य झालें, आणि यशवंतराव चव्हाण पहिले मुख्यमंत्री झाले. पंचांग उघडून पाहिलें तर तो दिवस रविवार होता असें आढळेल. लोखंडे यांनीं मिळविलेला वार आणि शिकागोच्या कामकऱ्यांची तारीख त्या दिवशीं एकत्र आली होती.

मुंबईंत आनंद झाला तसा नागपुरांत सर्वांस झाला नाहीं, आणि त्याचें कारण समजून घेतलें पाहिजे. १८६१ सालीं मध्यप्रांत झाला तेव्हांपासून नागपूर हें राजधानीचें शहर होतें. १९५३ सालीं नागपूर करार होऊन विदर्भाच्या लोकांस कांहीं आश्वासनें देण्यांत आलीं. दरवर्षीं विधिमंडळाचें एक अधिवेशन नागपुरांत व्हावें, हें त्यांपैकींच एक. १९५५ सालीं राज्य-पुनर्रचना आयोगानें तर विदर्भाचें निराळें राज्य करावें अशी शिफारस केली होती. ती मान्य झाली नाहीं. १९५६ सालीं विदर्भ मुंबई राज्यांत गेला आणि पंचाण्णव वर्षांची राजधानी एका दिवसांत राजधानी राहिली नाहीं. लोकनायक बापूजी अणे, ब्रिजलाल बियाणी यांसारखे वजनदार पुढारी निराळ्या विदर्भाच्या बाजूचे होते. सिंचन, रस्ते, नोकऱ्या यांत आपणांस वांटा कमी मिळाला, ही तक्रार पुढेंहि राहिली. म्हणून विदर्भवादी मंडळी एक मे हा दिवस काळा दिवस म्हणून पाळतात. उलट, भाषा एक तर राज्य एक, आणि घरांतील भांडण घरांतच मिटवावें, असें मानणारीहि पुष्कळ माणसें याच शहरांत राहतात. दोहों पक्षांत प्रामाणिक माणसें आहेत. आपले विद्यार्थी मोठे होऊन कोणत्याहि बाजूस गेले तरी, दुसऱ्या बाजूस मूर्ख किंवा शत्रु समजूं नये, एवढीच आमची सूचना आहे.

एक मेच्या सकाळीं नागपुरांत फिरणाऱ्या माणसास काय दिसतें, तें मनांत आणून पाहा. एकीकडे पोलिसांचें संचलन, बँड आणि तिरंग्यास मानवंदना. हा सरकारी समारंभ कस्तुरचंद पार्कच्या विस्तीर्ण मैदानावर होत आलेला आहे. एकीकडे लाल झेंडे घेतलेले कामगार घोषणा देत चालले आहेत. एकीकडे दंडास काळी फीत बांधलेली माणसें उभी आहेत. आणि या तिघांच्या मधून भाजीची हातगाडी ढकलीत एक माणूस चालला आहे. त्याला तिन्हींपैकीं कशाचीहि सुटी नाहीं. या शहरांत पेठांनासुद्धां वारांचीं नांवें आहेत, इतवारी, सोमवारी, मंगळवारी, बुधवारी, शुक्रवारी. कारण त्या त्या वारीं तेथें बाजार भरे. इतवार म्हणजे रविवार. जगास जो विश्रांतीचा वार तो येथें बाजाराचा वार होता, आणि बाजारांत बसणाऱ्यास सुटी कसली? इतवारी स्थानकावरून नागभीडकडे जाणारी लहान रुळांची गाडी २०१९ सालीं रूळ रुंद करण्यासाठीं बंद झाली, तोंपर्यंत कुहीवरूनच जात असे. त्या गाडीनें आमच्या भागांतील किती तरी माणसें मजुरीस शहरांत गेलीं. ज्या एम्प्रेस मिलच्या भोंग्यावर नागपूरचें घड्याळ लावीत, तीहि २००२ सालीं कायमची बंद झाली. मिरवणुकींचे पक्ष वाढले, आणि ज्यांच्यासाठीं मिरवणूक निघाली ती गिरणी मात्र राहिली नाहीं.

मग या भांडणांतून कामकऱ्यांच्या हातीं कांहीं लागलें कीं नाहीं? लागलें, आणि तें आंकड्यांनींच दाखवितां येतें. १९११ च्या कायद्यानें कापडगिरणींतील पुरुषांस दिवसाला बारा तासांची मर्यादा घातली. १९२२ सालीं ती आठवड्यास साठ तास झाली, १९३४ सालीं चौपन्न, आणि १९४६ सालीं अठ्ठेचाळीस. शेवटच्या दोन पायऱ्यांच्या मधें १९४५ सालीं वर्षभर काम केलेल्या कारखान्यांतील कामगारास पगारी रजेचाहि हक्क मिळाला. १९४२ पासून १९४६ पर्यंत हिंदुस्थान सरकारांत मजूरखात्याचा कारभार डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्याकडे होता, हें येथें सांगितलेंच पाहिजे. आतां अठ्ठेचाळीसास सहानें भागा. उत्तर आठ येतें. शिकागोच्या लोकांनीं १८८६ सालीं जे आठ तास मागितले ते आमच्या देशाच्या कायद्यांत यावयास बरोबर साठ वर्षें लागलीं. हे तास कोणत्याहि एका पक्षाचे नाहींत. नेमस्तांनीं कायदेमंडळांत भाषणें केलीं, जहालांनीं संप केले, सत्यशोधकांनीं अर्ज केले, कोणीं तुरुंग भोगला. आणि फळ सर्वांस सारखें मिळालें. लाल झेंड्याच्या कामगारास आठ तास आणि भगव्या झेंड्याच्या कामगारास दहा, असा भेद कायद्यांत नव्हता.

परंतु हें फळ कारखान्याच्या फाटकाबाहेर किती पोंचलें, हा प्रश्न उरतोच, आणि कुहीच्या माणसास तोच प्रश्न जवळचा आहे. आमच्या भागांत मिरचीचे सातरे असतात, हें येथील मुलांस सांगावयास नको. बाहेरच्या वाचकांसाठीं सांगतों. उघड्या पटांगणांत लाल मिरचीचे ढीग पडलेले असतात आणि बाया ओळीनें बसून एकेका मिरचीचें देठ खुडतात. मजुरी वजनावर मिळते. हातांची आग होते, डोळ्यांतून पाणी वाहतें, ठसका थांबत नाहीं. पण बोटें थांबलीं कीं वजन कमी भरतें, म्हणून बोटें थांबत नाहींत. एका वर्षीं एक मेच्या दुपारीं आम्ही अशा एका सातऱ्यावरून जात असतां झाडाखालीं भाकरी खात बसलेल्या एका वृद्ध बाईस विचारलें, "मावशी, आज कामगारांचा दिवस आहे. आज तुम्हांस सुटी नाहीं का?" ती हंसली आणि म्हणाली, "सुटी त आमी केव्हाबी घेऊ शकतो जी. पन त्या दिवसाचा पैसा कोन देईन?"

आम्ही निरुत्तर झालों. लोखंडे, शिकागो, पॅरिस आणि नागपूर यांविषयीं आम्हीं जें वाचलें होतें त्याचें सार त्या माउलीनें एका वाक्यांत सांगितलें होतें. ज्या दिवसाची मजुरी बुडते तो दिवस सुटीचा नव्हे, उपासाचा होय. सुटीचा हक्क म्हणजे केवळ कामावर न जाण्याचा हक्क नव्हे. कामावर न जातां त्या रात्रीं चूल पेटण्याचा तो हक्क आहे. कारखान्यांतील माणसांस हा हक्क मिळाला, कारण ते हजारांनीं एका भोंग्याखालीं जमत होते आणि त्यांचा आवाज ऐकूं जात होता. सातऱ्यावर आज वीस बाया, उद्यां दुसऱ्या पंधरा. मालक आज एक, उद्यां दुसरा. त्यांचा अर्ज कोणीं लिहावा आणि सह्या कोणीं गोळा कराव्या?

या प्रश्नाचें उत्तर आमच्यापाशीं तयार नाहीं. परंतु एवढें म्हणतां येईल कीं साडेपांच हजार सह्यांचा अर्ज ज्यानें लिहिला तो मनुष्य कोणी राजा किंवा धनिक नव्हता. लिहितां वाचतां येणारा, गिरणीच्या भांडारावर हिशेब ठेवणारा एक साधा नोकर होता. सह्या करणाऱ्यांतील बहुतेकांस अक्षरओळख नसावी. ज्याला अक्षर येतें त्यानें, ज्याला येत नाहीं त्याच्यासाठीं तें वापरलें, एवढीच त्या मोठ्या गोष्टीची सुरुवात होती. आमच्या शाळेंतून दरवर्षीं जीं मुलें-मुली बाहेर पडतात त्यांत सालदारांचीं, सातऱ्यावर जाणाऱ्या बायांचीं, विटाभट्टीवर राबणाऱ्यांचीं मुलें पुष्कळ आहेत. त्यांच्यापाशीं अक्षर आहे, आणि घरचें दुःखहि त्यांच्या परिचयाचें आहे.

तेव्हां येत्या एक मेस निकालपत्रक हातीं घेऊन घरीं जाल तेव्हां, विद्यार्थिमित्रहो, एक छोटें काम करा. घरांत जो सर्वांत अधिक राबतो, मग ते वडील असोत, आई असो, आजी असो, कीं दाराशीं उभा असलेला बैल असो, त्याच्या वांट्याचें एक काम त्या दिवशीं आपण करा. आईस म्हणा, "आज पाणी मी भरतों, तूं बैस." पालकांसहि आमची विनंति आहे कीं मुलगा असें म्हणाला तर त्यास हंसूं नका, दोन घटका बसून घ्या. नागपुरांत त्या दिवशीं तीन झेंडे उभे राहतील आणि तिन्ही आपापलें सांगतील. त्यांतील कोणता खरा, हें तुम्ही मोठे झाल्यावर स्वतः विचार करून ठरवा. तोंपर्यंत, ज्याच्या श्रमावर आपलें घर चाललें आहे त्यास विसावा देणें, हें तिन्ही झेंड्यांखालीं सारखेंच मान्य होईल असें काम आहे. आणि त्यासाठीं कोणाची परवानगी लागत नाहीं.